भुंगा बोलला नाही

फ्यूज उडणं ही गोष्ट आपल्या पिढीच्या बायकांना काही नवी नाही. दाराच्या मागे, मीटरच्या खाली, चिनी मातीचे ते पांढरे किटकॅट फ्यूज असायचे. घरात अंधार झाला की आधी खिडकीतून शेजारी डोकवायचं. त्यांच्याकडे दिवे असले म्हणजे फ्यूज आपलाच! मग मेणबत्ती, पक्कड, पेचकस आणि पुठ्ठ्यावर गुंडाळून ठेवलेली ती केसासारखी तार. आमच्या सासूबाई तासगावच्या जुन्या वाड्यात हे काम स्वतः करीत. सासरे घरात असले तरी त्यांच्याकडे फक्त टॉर्च धरण्याचं काम असे, आणि तोही ते भलतीकडेच धरतात अशी सासूबाईंची कायमची तक्रार.

आता घरोघरी एमसीबी आले. खटका पडला की वर करायचा, झालं. माझ्या मुलीला किटकॅट म्हटलं की चॉकलेटच आठवतं. पण भिंतीवरून गेलेला फ्यूज दारातल्या गाडीत मात्र अजून बसलेला आहे. एकदोन नव्हे, चांगले वीस-पंचवीस. त्यातल्या एकाने गेल्या वर्षी आषाढात आम्हा सासू-सुनांना जे पळवलं, ते सांगण्यासारखं आहे.

आमचे हे नोकरीमुळे पुण्याला असतात, शनिवार-रविवार येतात. मुलगी शिकायला बाहेरगावी. घरात मी आणि सासूबाई. २०२० मध्ये त्यांच्या मूत्रपिंडांनी हात टेकले आणि डायलिसिस सुरू झालं. सोमवार आणि गुरुवार, मिरजेला, सकाळी सातचा नंबर. चार तास त्या यंत्राला जोडून पडून राहायचं. एक वार चुकला की काय होतं ते आम्ही २०२१ च्या जुलैत पाहिलं आहे. कृष्णेला पूर आला, सांगलीचे रस्ते पाण्याखाली गेले आणि आमचा एक नंबर हुकला. पाय सुजून पाटीसारखे झाले, आणि रात्री आडवं पडलं की धाप. दोन रात्री त्या खुर्चीत बसून होत्या आणि मी समोर स्टुलावर. तेव्हापासून सोमवार-गुरुवार म्हणजे आमच्या घरी एकादशीपेक्षा कडक.

गाडी मी सत्तेचाळिसाव्या वर्षी शिकले, ती याचसाठी. गाडी जुनी घेतलेली, २०१३ सालची, लहानशी, पेट्रोलवर चालणारी. ह्यांच्या मनात मात्र ती विकायची होती. महिन्याच्या बोलीवर कुणाची तरी गाडी लावू, म्हणायचे. "रस्त्यात बंद पडली तर तू काय करणार?" हा त्यांचा ठरलेला प्रश्न. तो प्रेमापोटीच असायचा हो, पण दर शनिवारी ऐकला की प्रेमसुद्धा टोचतं. आणि सकाळी सहाला, दर सोमवारी, दर गुरुवारी, न चुकता दारात उभा राहील असा ड्रायव्हर तासगावात शोधून तर बघा!

गुरुवारची गोष्ट. पावणेसहा वाजले होते, भुरभुर पाऊस. सासूबाईंना मागच्या सीटवर बसवलं, उशी दिली, किल्ली फिरवली. इंजीन नुसतं गरगर फिरलं, घेईना. पुन्हा फिरवली, पुन्हा तेच. तेवढ्यात मागून सासूबाई म्हणाल्या, "अगं, आज भुंगा बोलला नाही."

हा भुंगा म्हणजे काय, ते सांगायला हवं. आमच्या सासऱ्यांकडे पूर्वी पद्मिनी होती. तिचा पेट्रोल ओढणारा पंप पुढे इंजिनालाच लावलेला असे आणि इंजिनाच्याच फिरण्यावर चाले. उन्हाळ्यात आंबा घाटात गाडी तापून बसली की सासूबाई पदर खोचून त्या पंपावर ओलं फडकं ठेवायच्या. पंप गरम होऊन पेट्रोलची वाफ धरली की गाडी अडते, हे त्यांना पक्कं ठाऊक. आताच्या गाड्यांत कार्बुरेटर नाही. पेट्रोल दाबाने फवारतात, आणि तो दाब देणारा पंप विजेवर चालतो. तो बहुतेक गाड्यांत मागच्या सीटखाली, टाकीतच पेट्रोलमध्ये बुडून बसलेला असतो. किल्ली 'ऑन'पर्यंत फिरवली, म्हणजे इंजीन सुरू करण्याच्या आधीची पायरी, की तो दोन-तीन सेकंद गुणगुणतो आणि थांबतो. इंजीन फिरू लागलं की पुन्हा चालू. पुढे बसणाऱ्याला हा आवाज ऐकू येईलच असं नाही. पण सासूबाई त्याच्या डोक्यावरच बसतात. "माझ्या बैठकीखाली भुंगा आहे," असं त्या पहिल्या आठवड्यापासून म्हणायच्या, आणि मी हसून सोडून द्यायची.

आवाज ऐकून समोरचे मास्तर छत्री घेऊन आले. "बॅटरी उतरली. धक्का मारू या." आता, बॅटरी उतरलेली असती तर इंजीन इतक्या जोमात फिरलं असतं का? ते कण्हलं असतं, नाहीतर नुसतं टकटक करून गप्प बसलं असतं. मी दिवे लावून पाहिले, लख्ख. हॉर्न वाजवला तर मास्तरच दचकले. पेट्रोलचा काटा अर्ध्यावर. किल्लीच्या चित्राचा तो चोरबंदीचा दिवा नेहमीसारखा लागून विझला. म्हणजे वीज आहे, पेट्रोल आहे, पण टाकीतलं पेट्रोल इंजिनापर्यंत पोचत नाही. अशा वेळी धक्का मारून माणसं दमतात, आणि किल्ली फिरवत राहिलं तर धड असलेली बॅटरीसुद्धा खरंच उतरते.

गॅरेजवाल्याला फोन लावला. बिचारा झोपेतून उठला. "गरगर फिरतंय पन घेत न्हाई? मग पंप गेला असंल वैनी. टो करून आना. सायबांस्नी सांगा, आठ-नऊ हजार धरून चाला." हे 'सायबांस्नी सांगा' मला नेहमी गमतीचं वाटतं. गाडी मी चालवते, हप्त्याची तारीख मी सांभाळते, हवा मी भरते आणि निदान मात्र पुण्याला कळवायचं.

पंप बोलत नाही याचा अर्थ पंप मेला, असा नव्हे. मिक्सर बंद पडला तर आपण आधी मोटर बदलतो का? आधी प्लग बघतो, बटण बघतो, घरात वीज आहे का ते बघतो. पंपापर्यंत वीज जाते ती आधी फ्यूजमधून, मग रिले नावाच्या एका लहानशा डबीतून, मग तारेतून. त्यातलं काहीही गेलं तरी भुंगा गप्पच. सगळ्यांत स्वस्त आणि हाताशी असलेली वस्तू म्हणजे फ्यूज, तेव्हा आधी तो बघायचा. घड्याळात सहाला पाच कमी होती.

गाडीचं पुस्तक पुढच्या खणात होतं. आमच्या गाडीत फ्यूजच्या दोन पेट्या आहेत. एक स्टिअरिंगच्या खाली गुडघ्याजवळ, दुसरी बॉनेटखाली बॅटरीशेजारी. कुठल्या गाडीत पंपाचा फ्यूज कुठल्या पेटीत, हे प्रत्येकीनं आपापल्या पुस्तकातच पाहावं, कारण यात काही एक नियम नाही. आमचा बॉनेटखाली निघाला. किल्ली पूर्ण बंद करून काढून घेतली. पेटीचं काळं झाकण बाजूची खीळ दाबली की निघतं. झाकणाच्या आतल्या बाजूला नकाशा छापलेला असतो, त्यात पेट्रोलपंपाचं इवलंसं चित्र. पेटीतच प्लॅस्टिकचा एक चिमटा अडकवलेला होता, भुवयांच्या चिमट्यासारखा. त्याने फ्यूज धरून सरळ वर ओढायचा, हिसडा द्यायचा नाही.

हा फ्यूज आपल्या किटकॅटसारखा नाही बरं का. रंगीत प्लॅस्टिकचा लहानसा तुकडा, खाली दोन पाती. वरून तो पारदर्शक असतो, आत एक धातूची कमान दिसते. कमान सलग असली तर फ्यूज चांगला, तुटली असली तर गेला. कधी आत काळा डागही दिसतो. मोबाइलच्या उजेडात धरला आणि पाहिलं तर कमान मधोमध तुटलेली. त्यांच्या रंगांची एक भाषा असते, ती मला फार आवडली. दहाचा लाल, पंधराचा निळा, विसाचा पिवळा, पंचवीसचा पांढरा, तिसाचा हिरवा. आकडा वरही लिहिलेला असतो. आमचा पंधराचा, निळा. पेटीत दोन निळे जादा ठेवलेले होते. नसते तर मी गाणी ऐकायच्या यंत्राचा किंवा चार्जरच्या भोकाचा फ्यूज काढून लावला असता, पण आकडा तोच असला तरच. एक दिवस गाण्याशिवाय मिरजेला जाता येतं.

इतका वेळ सासूबाई ओसरीतल्या खुर्चीवर बसून सगळं बघत होत्या. नवा निळा दाबून बसवला, किल्ली 'ऑन' केली, कान दिला. मागून, अगदी हळू, गुंऽऽ. "बोलला!" सासूबाई ओसरीतून ओरडल्या. एवढ्या लांबून त्यांना ऐकू येणं शक्य नव्हतं; माझ्या तोंडावरूनच कळलं असणार. गाडी पहिल्या फटक्यात सुरू झाली. "मी आता पुढंच बसते, तुझ्याशेजारी. बघू तरी काय होतं ते," असं म्हणून त्या पुढे बसल्या. सातला दहा मिनिटं कमी असताना आम्ही मिरजेत होतो.

परतताना मात्र त्यांनी विचारलं, "पण उडाला का?"

हाच खरा प्रश्न. फ्यूज स्वतःहून सहसा मरत नाही. तारेतून नको तेवढी वीज धावली की तो आधी जळतो आणि पुढची तार वाचवतो. दारावरचा राखणदार सकाळी मरून पडलेला दिसला, तर त्याच्या जागी दुसरा उभा करून आपण आत झोपायला जातो का? मी गॅरेजवाल्याला पुन्हा फोन केला. तो म्हणाला, "फ्यूजच हुता न्हवं? मग झालं की." दुकानातून चार निळे फ्यूज मात्र मी आणून ठेवले, सासूबाईंच्या गोळ्यांच्या रिकाम्या डबीत.

सोमवारी सासूबाई नेहमीप्रमाणे मागे बसल्या. कवठे एकंद ओलांडलं आणि एका खड्ड्यात मागचं चाक आदळलं. त्याच क्षणी इंजीन गप्प. चालत्या गाडीत इंजीन बंद पडलं की काय होतं, ते प्रत्येक गाडी चालवणारीला माहीत हवं. स्टिअरिंग एकदम जड होतं. ब्रेकही दोन-तीनदा दाबल्यावर दगडासारखा घट्ट होतो, पण लागतो. म्हणून उगाच टपटप न मारता एकदाच जोर लावून दाबायचा. किल्ली काढायची नाही, नाहीतर स्टिअरिंगच अडकतं. चारी इंडिकेटर लावून मी गाडी डावीकडे एका पशुखाद्याच्या दुकानापुढे घेतली. हात थरथरत होते, पण गाडी सरळ उभी राहिली.

किल्ली बंद केली, झाकण उघडलं. निळा जळलेला. एवढ्यात एक मोटारसायकलवाले दादा थांबले. मनापासून मदतीला आले होते. फ्यूज बघून त्यांनी खिशातलं सिगारेटचं पाकीट काढलं. "ताई, ही चांदी गुंडाळा त्याला. न्हाईतर तिसाचा ठोका, परत उडायचा न्हाई." परत उडणार नाही, हे अगदी खरं! मग तारच तापेल, आणि ही तार जाते पेट्रोलच्या टाकीवर. वाड्यात शेजारच्या बिऱ्हाडात असंच कुणी किटकॅटमध्ये जाड तांब्याची तार घातली होती. फ्यूज शाबूत राहिला आणि भिंतीतलं वायरिंग जळलं. हे सासूबाईंनी मागच्या सीटवरून, काच खाली करून, त्या दादांना सांगितलं. ते आपले "बराबर हाय आजी" म्हणत राहिले.

मी मात्र दुसराच हिशोब करीत होते. गुरुवारी सासूबाई मागे बसलेल्या होत्या, तेव्हा फ्यूज उडालेला. मग त्या पुढे बसल्या, येताना-जाताना साठेक किलोमीटर गाडी बिनतक्रार चालली. शनिवारी मी एकटीच बाजारात नेली, काही नाही. आज त्या मागे बसल्या आणि गचका बसला, तो उडाला. म्हणजे पंपाचा काही दोष नाही. त्यांच्या वजनानं सीटखाली काहीतरी दबतंय. तिथून पंपाची तार जाते. तार उघडी पडून लोखंडाला टेकत असली पाहिजे.

आता डबीत चार फ्यूज होते. सासूबाईंना पुढे बसवून गाडी मिरजेपर्यंत गेलीही असती. पण टाकीच्या वर उघडी तार, आणि तिथे ठिणगी पडत असली तर? सासूबाईंना खाली उतरवून दुकानाच्या बाकावर बसवलं आणि गाडीच्या आसपास वास घेतला. पेट्रोलचा वास नव्हता. असता तर मी आधी सगळ्यांनाच लांब पळवलं असतं, त्या दादांच्या सिगारेटसकट. मग डायलिसिसवाल्यांना फोन केला, की तासभर उशीर होईल, नंबर पुढच्या कुणाशी बदलून ठेवा. सांगलीच्या बाजूला जाणारी एक मोटार थांबली, आत शिक्षक जोडपं होतं. त्यांनी आम्हाला पार मिरजेत दवाखान्याच्या दारात सोडलं, पैशांचं नावसुद्धा काढू दिलं नाही. साडेआठला सासूबाई यंत्रावर होत्या.

त्या पडून असताना मी गॅरेजवाल्याला फोन केला. या वेळी 'गाडी घेत नाही' असं नाही सांगितलं. म्हटलं, "पंधराचा फ्यूज दोनदा उडाला, दोन्ही वेळा मागच्या सीटवर वजन असताना. मागची सीट उचलायची आहे. पंप बदलायचा नाही." पलीकडे क्षणभर शांत. मग म्हणाला, "बारा वाजता येतो वैनी."

आम्ही रिक्षानं परत येईपर्यंत तो दुकानापुढे हजर होता. आधी त्यानं बॅटरीची तार सोडवली, हे मला बरं वाटलं. मग सीटची गादी दोन्ही हातांनी वर खेचली. खाली चक्क संसार मांडलेला! कापसाचे बोळे, माझ्या हरवलेल्या औषधांच्या चिठ्ठ्यांचा भुगा आणि ओंजळभर शेंगांची टरफलं. उंदीरमामांनी त्या मऊ बिछान्याशेजारून जाणाऱ्या तारेचं वरचं आवरण दोन बोटं रुंदीचं कुरतडलं होतं. आतलं तांबं चकाकत होतं, आणि गादीच्या लोखंडी सळईवर नेमका तिथेच काळा डाग. टाकीचं झाकण तिथून वीतभर. ते पाहून माझ्या पोटात खड्डा पडला. आदल्या रात्री मी शांत झोपले होते याचंच नवल वाटलं.

आता प्रश्न शेंगांचा. डायलिसिसच्या माणसाला शेंगदाणे जवळजवळ बंदच असतात. त्यात पोटॅशियम आणि फॉस्फरस भरपूर, म्हणून आहारतज्ज्ञ बाईंनी आमच्या घरात त्यावर लाल फुली मारलेली. गाडीत शेंगा आणल्या कुणी? मी सासूबाईंकडे पाहिलं, गॅरेजवाल्यानंही पाहिलं. सासूबाई समोरच्या द्राक्षबागेकडे इतक्या लक्षपूर्वक बघत होत्या, जसा काही आषाढात तिथे माल लागलाय! मी तिथे काही बोलले नाही. रात्री बोलले.

तार कापून, नवा तुकडा डाख लावून जोडला, वर रबरी नळी, त्यावर जाड पन्हळी पाइप, आणि सगळी जोडणी सळईपासून लांब बांधून टाकली. नवा निळा बसवला. मग त्याच्याच सांगण्यावरून सासूबाई मागे बसल्या, जागच्या जागी दोनदा हलल्या. मी किल्ली फिरवली. भुंगा बोलला. त्यानं सातशे रुपये घेतले आणि खिशातून मोबाइल काढून म्हणाला, "सायबांस्नी सांगतो काय झालंतं ते."

"तिला सांग," सासूबाई मागून म्हणाल्या. "गाडी ती चालवते."

तेव्हापासून गाडीत खाण्याचा जिन्नस राहत नाही. आठवड्याला एकदा मी मागची गादी उचलून टॉर्च मारते, अगदी माळ्यावर बघावं तशी. दोन दिवसांहून जास्त गाडी उभी ठेवीत नाही. रात्री ती शेडमधून काढून उजेडात लावते, आणि समोरच्या मास्तरांच्या मांजरीला आमच्या अंगणात आता दूध मिळतं.

शनिवारी हे आले. विकायचं बोलणं त्या वेळी निघालं नाही. चहा झाल्यावर म्हणाले, "ती पेटी कुठली, दाखव तरी." पाऊस उघडला होता. सासूबाई आधीच गाडीत, मागे, आपल्या भुंग्यावर बसलेल्या होत्या. देवळात जायचं होतं. मी बॉनेट उघडलं, झाकणाची खीळ दाखवली. ह्यांनी मोठ्या उत्साहानं चिमटा हातात घेतला.

"आधी किल्ली बंद कर," सासूबाई आतून म्हणाल्या.